पत्रक क्रमांक चौदा

बैठक समाजभवनात होती.
कालच्या लग्नाचा मांडव अर्धाच सुटलेला,
पंख्याला अडकलेली झिरमिळी
आमच्या डोक्यांवर फिरत होती,
आणि भिंतीवर चिकटपट्टीने लावलेला
चौऱ्याऐंशी सालचा नकाशा.
खाली उजव्या कोपऱ्यात, मुंगीएवढ्या अक्षरात,
आरेखक : य. दा. पौनीकर.
म्हणजे मी.
कोण वाचतं कोपरा.

इंजिनिअर हेडाऊबाई, पोरगेल्या, म्हणाल्या,
पाणलोट म्हणजे काय, ते आधी तुम्ही सांगा.
शांतता. कोणीतरी खोकलं.
मग मागून गिरजाबाई साठवणे उठल्या पदर खोचत;
त्यांच्या सासऱ्याचे तळ्यात शिंगाडे असायचे,
त्या आता बुधवारी बाजारात विकतात बाहेरून आलेले मासे.
"माह्या छपरावर पडलेलं पाणी ज्याच्या घरात शिरते,
तो आपला सोयरा. बस, इतकंच."

लोक हसले. त्या हसल्या नाहीत.
"अन् इथं नाला होता. बोरीचा नाला.
या कागदावर काऊन नाही, मले सांगा.
पाण्याले वाचता येत नाही बाई,
पण वाट याद रायते."

मी खुर्चीखाली पाय आत ओढले.

मला आठवत होता तो.
जानेवारीत कोरडा, साखळी टाकून मोजलेला,
काठाला बेशरम माजलेली, एक गाढव.
वरचे म्हणाले, कोरडा आहे ना? मग रस्ता दाखवा.
ट्रेसिंगवरची निळी शाई मी ब्लेडने खरवडली
हलके हलके, कागद फाटू न देता.
फार चांगला हात होता माझा तेव्हा.

रविवारी निघालो, टेकडीवरच्या टाकीपासून.
अशफाक गवंड्याने लेव्हलची नळी आणली,
वीस हात, आत नीळ घातलेलं पाणी.
एक टोक हेडाऊबाईंकडे, दुसरं गिरजाबाईंकडे;
दोघींच्या मधे ते पाणी डुचमळायचं,
मग कोणाचंच शिक्षण न विचारता
सारख्या उंचीवर बसायचं.
पोरं चुन्याची फक्की टाकत मागे.
चर कुठे खणायचे, कोणती भिंत खालून मोकळी करायची,
तळ्याचं तोंड कुठे बुजलं,
अंगणवाडीच्या ताई वहीत लिहीत होत्या.
आणि दर घरापाशी भांडण.
इथून नाही, तिथून येतं. माझ्या मोरीतून उलटं येतं.
तुमच्या कंपाउंडनं अडवलं, आमच्या बापानं नाही.
एका घरी चहा मिळाला, एकाने कुत्रं सोडलं.
किराणावाल्या गभणेंनी दुकानातली ओल दाखवली,
कमरेइतकी, सरळ,
तीनदा रंग दिला म्हणे.
अशी सरळ रेघ मलाही जमली नसती.

शिवकृपा लेआउट, प्लॉट सत्तावीस.
चुना फाटकाशी येऊन थांबला.
स्वस्तात मिळाला होता तो मला,
का स्वस्त, विचारलं नव्हतं.
पोरगं म्हणालं, आजोबा, नळी आतून जाते म्हणते.

गिरजाबाईंनी माझ्याकडे पाहिलं,
मग पाटीकडे : य. दा. पौनीकर,
मग पुन्हा माझ्याकडे.
त्यांना वाचता येत होतं.
कोपराही.

बोलल्या काहीच नाहीत.
नळीचं टोक तेवढं वर धरून राहिल्या
आतला बुडबुडा निघून जाईस्तोवर.

मला सांगायचं होतं. ब्लेड, ट्रेसिंग, ते गाढव.
जीभ टाळूला चिकटली.
गंजलेली कडी काढली.
पोर्चमधे स्कूटर आडवी, किल्ली घरात;
तशीच ढकलत बाहेर घेतली
आणि म्हटलं, या.
जपून या. इथे उतार आहे.