घानिमची मापं

मुहर्रकच्या जुन्या बाजारात, कैसरियाच्या मागच्या गल्लीत,
माझ्या दुकानात ती वही अजून आहे.
पान एकेचाळीस : घानिम अल-सम्माक.
छाती चौतीस, बाही तेवीस, डावा खांदा किंचित उतरता.
पेन्सिलीनं लिहिलंय, कारण उधारी होती.

तेव्हा तो तारखात्यात कारकून,
आणि उरलेल्या वेळात सिनेमा करायचा.
सिनेमा म्हणजे उसना कॅमेरा, दोन चुलतभाऊ,
आणि मामाची होडी, तीही मासळी उतरून झाल्यावर.
मोत्यांसाठी बुडी मारणाऱ्याचं काम ज्याला दिलेलं
त्याला ऐन शूटिंगच्या सकाळी रिफायनरीत नोकरी लागली.
घानिम धावत आला. म्हणाला, "बाटकर,
(पाटकरांतला प त्याला जन्मभर जमला नाही)
तो सफेद कपडा माझ्या मापाचा कर. अर्ध्या तासात."
मी शिवणी उसवल्या, आतून दोन बोटं माया ठेवली.
असा तो नट झाला. हौस नव्हती,
कपडा रिकामा होता.

मग सवयच पडली.
दुसऱ्या सिनेमात पहारेकरी, छाती छत्तीस.
तिसऱ्यात प्रेत. कफनाला माप लागत नाही,
तरी मी घेतलं, तोही मुकाट उभा राहिला.
चटईवर आडवा पडून, मिटल्या डोळ्यांनी
कॅमेऱ्याला सांगत होता : डावीकडे, अजून डावीकडे,
आणि रडणाऱ्या बायकांना : थोडं कमी.

चौथा परदेशात कुठंतरी दाखवला. त्यासाठी सूट, छाती बेचाळीस.
परतला तेव्हा खिशात विमानातल्या साखरेच्या पुड्या
आणि माझी सगळी उधारी, एकरकमी.
त्या रात्री मला पहिल्यांदा वाटलं की हा आता हातचा गेला.

गेला नाही. टीव्हीवर गेला.
बारा रमजान तो दुसऱ्यांच्या मालिकांत सासरा होता.
छाती सेहेचाळीस. बाजारात पोरं मालिकेतल्या नावानं हाक मारत
आणि तो वळायचा.
नवा सिनेमा कधी, असं विचारलं
की तो बाहीच्या बटणाबद्दल बोलायचा.

मागच्या हिवाळ्यात, छाती अडतीस.
टेपच खोटी वाटली, दोनदा खोडून लिहिलं.
म्हणाला, जुना सफेद कपडा काढ, शेवटचं एक करायचंय,
म्हाताऱ्या बुडीवाल्याचं.
पहिल्या सिनेमातला समुद्र त्याला हवा होता.
पण तिथं भराव. भरावावर हॉटेल, हॉटेलपुढं गाड्या,
आणि पाणी लांब, कुंपणापलीकडे, एका रेघेएवढं.
"असू दे," म्हणाला, "जिथं असेल तिथवर चालतो."
माया सोडून मी कपडा सैल केला.
पहाटे मला कॅमेऱ्याशेजारी उभं केलं :
"मी पाठमोरा असेन. कट तू म्हण, बाटकर,
कापायचं तुला कळतं."

तो निघाला. अनवाणी, नाकाला हाडाचा चिमटा,
गाड्यांच्या रांगांतून. एक पहारेकरी, खराखुरा,
शिटी तोंडात धरून नुसता बघत राहिला.
उतरता डावा खांदा अजून ओळखू येत होता.
मग तोही नाही.
कॅमेऱ्यावरचा पोरगा माझ्याकडे बघायला लागला.
मी तोंड उघडलं.
पण गिऱ्हाइकाला विचारल्याशिवाय
मी आजवर कापडाला कात्री लावलेली नाही.

त्याची मुलगी लुलवा परवा येऊन गेली.
म्हणाली, बाबांचा शेवटचा शॉट नऊ मिनिटांचा आहे, चाचा,
कुठं कापू?
मी खडू शोधतोय.