वरचे सात

ऐन वैशाखात सुनावणी लावली, सोलापूरला.
सात रस्त्याला उतरलो तेव्हा
डांबर चपलेचा तळ धरून ठेवत होतं
आणि मी तो सोडवून घेत होतो, पावलागणिक.

बाईसाहेब माझ्या थोरलीच्या वयाच्या.
पंख्यानं कागद उडू नयेत म्हणून
वर ठेवलेला एक काळा दगड,
एका बाजूला चुना लागलेला.
कुणाच्या तरी हद्दीचा असणार.

"तीन वर्षांत बोरहाळला एकच खरेदीखत,
गट नंबर एकशे सत्तेचाळीस, एकरी चार लाख.
लिहून देणार रेवणसिद्ध चनमल्लप्पा बिराजदार.
आलेत का?"

मी हात वर केला,
शाळेत करायचो तसा,
अर्धा.

ते खत झालं तेव्हा इराण्णा म्हणालेला,
चुलतभाऊच तो माझा,
कागदावर चार दाखवू, स्टँप वाचतोय.
वरचे सात त्यानं आणले
शेंगांच्या पोत्यात, टरफलांखाली.
बायकोनं नोटा सुपात पाखडून घेतल्या,
चुलीपुढं बसून मोजल्या, दोनदा.
दुसऱ्यांदा एक नोट जास्त निघाली.
ती परत दिली आम्ही.
इतके प्रामाणिक.

थोरलीच्या नर्सिंगची फी भरली त्यातनं.
उरलेले बोअरमध्ये घातले, साडेपाचशे फूट,
वर आली नुसती पिठासारखी धूळ.
अकराला गेलं म्हणून गावभर मीच सांगितलेलं,
टपरीवर, सगळ्यांचा चहा माझ्याकडं.

आता त्या एका कागदावर
बेचाळीस खातेदारांचं रान तोलायला घेतलंय.
चार, अधिक शंभर टक्के दिलासा. आठ.
बाईसाहेबांनी कॅल्क्युलेटर आमच्याकडं फिरवला
म्हणजे आम्हालाही आकडा दिसावा.
दिसला.
इराण्णानं अकराला घेतलेलं रान आठाला जाणार.
तो खिडकीशी उभा, मान खाली घालून
पार्किंगमधल्या गाड्या मोजत असल्यासारखा.

हुसेनबाशा नदाफ म्हणाला, माझ्या तीन चिंचा
जळणात धरल्यात, फळझाडात घ्या.
लक्काबाई म्हेत्रे उठली, पदर सावरला:
"माझ्या रानात मार्गशीर्षात टाच मारली
तर ओल लागती, मॅडम.
त्ये कुठल्या रकान्यात बसतंय?"
बाईसाहेबांनी पीकपाहणी उलटली, पुन्हा उलटली.
"जिरायत आहे, आजी."
आवाज वाईट नव्हता त्यांचा.
रकानाच नव्हता.

मग कुणी काही बोललं नाही.
बेचाळीस माणसांना ठाऊक असलेला आकडा
त्या खोलीत उभा होता
आणि त्याला खुर्ची कुणी देईना.

माझ्याकडं बघितलंही नाही कुणी नीट.
बघितलं असतं तर बरं झालं असतं,
मी चिडलो तरी असतो.

"मॅडम, अकरा होते."

पंखा तेवढा फिरत राहिला.
"तोंडी चालत नाही," त्या म्हणाल्या,
मग जरा थांबून, "लिहून देणार का?"
दंड किती बसेल, मी विचारलं.
"त्याचा हिशेब वेगळ्या ऑफिसात.
आणि लिहून दिलं तरी धरलं जाईलच असं नाही.
नोंदवलेला कागद तो नोंदवलेला कागद."

कोरा कागद पुढं आला.
दगड उचलून त्यांनी माझ्या बाजूला सरकवला.
नाव लिहिलं. गट नंबर लिहिला.
इराण्णा एकदाच वळला,
हो म्हणाला की नको, कळलं नाही मला,
मानच त्याची तशी.

अंकी: ११,००,०००.
अक्षरी,
इथं हात थांबला.
अकरा हा शब्द मी कधी लिहिलाच नव्हता,
बोललो होतो फक्त.

मागनं लक्काबाईचा आवाज आला.
"लिव्ह की, सावकाश लिव्ह.
बस पाचची हाय."