चार शाकू, दोन सुन, चार बु

आमच्या घरात दोन शाकू होते.

बाबांचा लोखंडी, काटकोनात वाकलेला,
मीटरचे तेहेतीस भाग केले तर त्यातले दहा.
आईचा बांबूचा. बरोबर सव्वापट.
त्याला देवमाशाचा शाकू म्हणत,
फार पूर्वी तो देवमाशाच्या जबड्यातल्या पट्टीचा करत म्हणून.
बाबा सुतार, आई किमोनो शिवायची.
नाव एकच, लांबी निराळी;
लहानपणी मला वाटे, नवरा-बायकोंचं सगळीकडे असंच असतं.

कायद्यानं शाकू हा शब्द पुसला.
मग कधीतरी बाबांनी नवी पट्टी आणली,
तिच्यावर बारीक अक्षरांत: एक तेहेतिसांश मीटर.
बाबा हसले. म्हणाले,
सुनच आहे की हा, सरकारी टोपी घातलेला.

लग्नाच्या वर्षी आई म्हणाली होती,
कपाटाचा खण अडीच शाकू रुंद हवा.
बाबांनी अडीच शाकू रुंद केला.
देवदाराचा, खिळ्याशिवाय, सांध्यात नखही जाणार नाही असा.
आईचे किमोनो त्यात मावेनात.
कोणाचं चुकलं ते शेवटपर्यंत ठरलं नाही.
त्रेपन्न वर्षं ती प्रत्येक किमोनोला
एक जादा घडी घालत आली.

मी तोयामाच्या पंप कारखान्यात असते.
अमेरिकेहून मागणी येते पौंडांत, चौरस इंचांत,
मी तिचे मेगापास्कल करते.
एकशे पंचेचाळीस म्हणजे एक.
दशांशचिन्हापुढे तीन आकडे, मग साहेबांची सही.
चुकलंच तर एखादं सील फाटतं, पाणी गळतं,
माफीचं पत्र जातं.

बाबा गेले त्या रात्री बर्फ दाराच्या कडीपर्यंत आलं होतं.
अंत्यसंस्काराच्या दुकानातून हायासे नावाचा पोरगा आला,
बूट बाहेर झटकून, कागद पुढे ओढून.
शवपेट्या अजून शाकूतच येतात.
उंची? त्यानं विचारलं.

चार शाकू, दोन सुन, चार बु, आई म्हणाली.

पेन थांबलं.
त्यानं चादरीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.
सव्वाशे-अठ्ठावीस सेंटिमीटरचा माणूस;
त्याच्या यादीत तेवढी पेटी फक्त लेकरांची.
आजी, नक्की?
नक्की. तसूभर इकडे-तिकडे नाही.
मीच शिवायचे ना यांचे कपडे.

मी कागद माझ्याकडे घेतला.
चार पूर्णांक चोवीस गुणिले सव्वा:
पाच शाकू, तीन सुन. एकशे साठ पूर्णांक सहा.
इतका स्वच्छ गुणाकार कारखान्यातही कधी सुटला नव्हता.
पोरगा मान लववून म्हणाला,
मग सहा शाकूची पेटी चालेल.

माझ्या कोटाच्या खिशात दवाखान्याची चिठ्ठी होती.
मागच्या महिन्यात, भिंतीला पाठ लावून, नर्सनं घेतलेली उंची:
एकशे सत्तावन्न.
तीन पूर्णांक सहा कुठे गेले,
त्याचं कोष्टक माझ्याकडे नाही.
मी फॉर्मवर एकशे साठ पूर्णांक सहाच लिहिलं.

पहाटेपर्यंत आईनं पांढरा अंगरखा शिवला,
रीतीप्रमाणे, दोऱ्याला गाठ न मारता.
शेजारच्या कियोए मावशीनं एक बाजू धरली.
बांबूची पट्टी लागलीच नाही, आकडा पाठ होता.

घातला तर पायांखाली लोळायला लागला.
साडेनऊ बु जास्त, मी मनात केलं.
तिच्या शाकूत. पुन्हा करून पाहिलं, तेवढंच.

आई वाकली. कापड हातात धरून थोडा वेळ बसली.
उसवायला वेळ नव्हता, हायासे दाराशी उभा होता.
मग तिनं घोट्याशी, अंगठ्यानं दाबत दाबत,
एक जादा घडी घातली.