अवमान

पर्वरीच्या कोर्टात आज अवर सचिवांनी
माफी मागितली. बिनशर्त,
साडेतीन पानी प्रतिज्ञापत्रावर, नोटरीच्या शिक्क्यासह.

माझी नाही. न्यायमूर्तींची.
अवमान त्यांचा झाला होता म्हणे.
मी, मागच्या बाकावरची शेवंती वेळीप,
नऊ वर्षं काणकोणहून पहाटेची कदंबा धरणारी,
त्या प्रकरणात फक्त अर्जदार.

मग हातात पत्र आलं:
ग्रंथालय साहाय्यक, रुजू व्हा सात दिवसांत,
वय व प्रकृतीच्या दाखल्यासह.

बाहेर वकील म्हणाले, पेढे कुठायत?
मी पत्र पुन्हा वाचत होते.
वेळीपमधल्या ळ चा त्यांनी ल केलाय.

दुरुस्तीचा अर्ज कुणाकडे द्यायचा
एवढंच विचारायला परत आत गेले.

शिपाई म्हणाला, जेवणाची सुट्टी.