हालचाल आढळली

मांजलपूरच्या आमच्या सोसायटीत
तीन नंबरमधून गॅसचं सिलिंडर गेलं, भर दुपारी,
रेग्युलेटर नीट काढून ओट्यावर ठेवून.
त्या रविवारी कौस्तुभनं बंगळुरूहून पैसे पाठवले
आणि आमच्या दारावर डोळा बसला.

दार आमचं.
पण डोळ्याला दारापुरतं बघता येत नाही.
समोर तरलाबेनचा ओटला,
पितळी कड्यांचा हिंडोळा,
दोरीवर तिच्या नवऱ्याचा सदरा, अजूनही, दर शुक्रवारी.

फोन म्हणायचा, हालचाल आढळली.
दूधवाला.
हालचाल आढळली.
बोका, ज्याला दोन्ही घरं वेगळ्या नावानं हाक मारतात.
आणि रोज रात्री दोन चाळीसच्या आगेमागे
हिंडोळा.
राखाडी चित्रात एक बाई,
कडी वाजणार नाही इतपतच पाय टेकवणारी.
मी बघितलं. खोटं कशाला बोलू,
चार-पाच रात्री उशी उभी करून बघितलं.

मग मंगळवारी भाजीच्या लारीपाशी
पापडी निवडता निवडता तोंडून निसटलं:
तरलाबेन, राते ऊंघ नथी आवती?
तिनं ओंजळीतली पापडी परत टोपलीत सोडली.
माझ्याकडे नाही, माझ्या डोक्यावरून
दाराकडे बघितलं.

दुसऱ्या दिवशी छताला नुसते आकडे.

तेवीस वर्षं आमच्या कुंपणावरून
कढीची वाटी गेली, आली.
वाटीत दिसायचं तेवढंच विचारायचं,
हे कुणी शिकवलं नव्हतं.

इम्तियाज आला. शिडी न लावताच म्हणाला,
मासी, काही उतरवायचं नाही,
स्क्रीनवर बोटानं चौकोन काढा,
तेवढं काळं होईल.
मी काढला. पहिला वाकडा गेला,
अर्धी गल्लीच बुडाली.
आता माणसं काळ्यातून निघतात, काळ्यात शिरतात.
उजेडात आमच्या तीन पायऱ्या, चपला,
आणि बोक्याची मागची बाजू.

पाच आठवडे काही नाही.
काल रात्री कडी वाजली.
कानानं ऐकली, कॅमेऱ्याआधीही ऐकू यायची तशी.
फोन गप्प.
उठून स्वयंपाकघरातला दिवा लावला,
दुधाचं पातेलं उगाच आपटलं.
इकडेही कुणी जागं आहे,
एवढं तिकडे कळायला हरकत नव्हती.

सकाळी कौस्तुभ विचारतो,
आई, चित्रात ते काळं काय आहे?
तिथून कुणीही येऊ शकेल.
हो, म्हटलं,
येऊ शकेल.