एक नंबर

दोंडाईच्याच्या बस स्टँडसमोर
न्यू सप्तशृंगी मोबाईल, आठ बाय सहा.
आत निंबाभाऊ, एक कॉम्प्युटर,
कॉम्प्युटरवर ओला टॉवेल, आणि गल्ल्यावर मी.
मेमरी कार्डात गाणी भरून मिळतील.
कार्डाचे दहा रुपये.

निंबाभाऊ प्रत्येक गाण्याला रेघ मारायचा
खताच्या कंपनीच्या डायरीत.
चार उभ्या, पाचवी आडवी.
शनिवारी रात्री मोजणी,
रविवारी शटरला पुठ्ठा :
या हप्त्यात एक नंबर.
लोक बस चुकवून पुठ्ठा वाचत
आणि भांडत, जसं काही आम्हीच मतं खाल्ली.

जानेवारीत मिरचीचा ठसका सगळ्या गावाला.
मार्केटातल्या हमालांनी वर चढवलं
'टावर उना, रेंज नही'.
खोकत खोकत मागायचे,
नाव पुरं व्हायच्या आत मी भरून द्यायचो.

होळीच्या तोंडावर सातपुड्यातून पावरा पोरं उतरली,
नवे गॉगल, भोंगऱ्याच्या बाजाराचे पैसे खिशात.
त्यांना ढोल हवा होता,
शब्द असले तरी चालतील.
त्या हप्त्याच्या एक नंबराला नावच नव्हतं.
डायरीत लिहिलंय : 'ढोल, मोठा'.

मग आखाजी, मग लग्नं,
डीजेवाल्यांची रांग पार उसाच्या गाड्यापर्यंत,
आणि 'चाळीसगावनी गाडी चुकनी'.
सात हप्ते.
पुठ्ठा बदलायचं कामच नाही,
उन्हानं अक्षरं उडाली की मी पुन्हा गिरवायचो.
गाण्यात तो सांगतो, गाडी चुकली, पोर चुकली,
आणि मागून एक बाई म्हणते,
'कसं व्हई वं माय'.
एवढंच. दर कडव्याला एकदा.
तिथं आल्यावर वराती थांबायच्या,
हात वरचे वर,
मग पुन्हा धुरळा.

आषाढात ते घसरलं.
कानबाईच्या रविवारी
देवीच्या गाण्याला इतक्या रेघा झाल्या
की मी पेन्सिल दोनदा तासली.

नंतर पितरपाटा.
लग्न नाही, वरात नाही,
सीझन फक्त कावळ्यांचा.
निंबाभाऊ टॉवेलखाली झोपायचा.

सोमवारी मालपूरच्या बसमधून एक बाई उतरली.
'हाई एकच भर, भाऊ.'
गाडी चुकनी.
'एकच? दहाच पडतील.'
'पडू दे.'
बुधवारी जाऊबाईचं कार्ड घेऊन आली.
शुक्रवारी नवऱ्याचं.
तेव्हा मी विचारलं.
ती माझ्याकडे नाही, पुठ्ठ्याकडे बघत होती.
'त्यामा मांगून जी बोलस ना, ती मी शे.
धुळाले लई गयथात. पाचशे रुप्या दिधात.
नाव नही टाकं.'

म्हणून दाखवा, असं मी म्हटलं नाही.
तिनंही म्हटलं नाही.
सुया टोचून खडबडीत झालेल्या बोटांनी
दहाची नोट सरळ केली, काचेवर ठेवली,
ब्लाउजांचं गाठोडं उचललं.
गाठोड्यावरच्या चिठ्ठीत नाव होतं :
वैजंता टेलर्स.

शनिवारी तिच्या तीन रेघा,
देवीच्या गाण्याच्याही तीन.
निंबाभाऊ चहाला गेला तेव्हा
मी चौथी मारली,
भरलं माझ्याच कार्डात, खोटं नको म्हणून,
पण गल्ल्यात पैसे टाकायला खिशात होतं काय.

सकाळी डायरी उघडली
तर चारींवर एक आडवी.
निंबाभाऊ टॉवेल पिळत होता.
'बघतो काय? पुठ्ठा लाव.'

डिसेंबरात सारंगखेड्याच्या यात्रेत घोडे नाचले,
त्यांच्यासाठी वेगळंच गाणं आलं
आणि वर्षाचा एक नंबर तेच ठरलं,
चारशे बारा रेघा.
आता नाव आठवत नाही.
पुढं गाणी हवेतून यायला लागली,
दुकानात पापड विकतात.

त्या हप्त्याचा हिशेब मात्र आठवतो.
डायरीत पाच रेघा, गल्ल्यात तीस रुपये.
महिन्याच्या पगारातून निंबाभाऊनं
दहा कापले.
वीस नाही.