ओल्या चेंडूचं वजन

वडील ताल्लिनच्या बंदरावर तराजूपाशी बसायचे.
हेरिंगची पिंपं, जवसाच्या धाग्याचे गठ्ठे, डांबर,
सगळं तोलून वहीत मांडायचं.
देश इतका नवा
की टपालाच्या तिकिटांची शाई बोटांना लागायची.
फुटबॉलचा संघ हवा, ठरलं वरती.
संघ म्हटला की व्यवस्थापक आला.
किविसिल्डला बोटींचं वेळापत्रक पाठ आहे,
एवढ्यावर नेमणूक झाली.

पगार नाही. एक शिट्टी, एक पितळी पंप,
आणि पांढऱ्या जर्स्या, ज्या आईनं घरीच निळ्या केल्या.
शेजाऱ्यांचं मांजर पंधरा दिवस निळं होतं.

पहिल्या सामन्याआधी त्यांनी चेंडू तराजूत घातला.
कोरडा: चारशे दहा ग्रॅम.
बादलीत बुडवून: पाचशे नव्वद.
"हा मधला फरक," जेवताना म्हणाले,
"पोरांना डोक्यावर घ्यायचाय."
आई म्हणाली, सूप निवतंय.

हेलसिंकीत सहा खाल्ले. रिगात चार.
कौनासला गोलरक्षक आलाच नाही,
त्याची गाय विणार होती.
तर स्वतः उभे राहिले, चष्मा खिशात ठेवून.
त्या दिवसाचा आकडा वहीत नाही.
तारीख आहे. वाऱ्याची दिशा आहे.

अकरा सामने, जिंकला एक,
तोही त्यांनी पाहिला नाही.
उजव्या कडेनं पळणाऱ्या ओट्टोमारची नडगी मोडली,
त्याला घोडागाडीत घालून दवाखान्यात निघाले,
पोराचं डोकं मांडीवर, बूट अजून पायात.
मागे मैदानावर आरोळी उठली.
"आपली का त्यांची?"
"आपली," वडील म्हणाले.
कुठून कळणार होतं?
जन्मात एकदाच त्यांनी
न तोलता आकडा सांगितला.

ओट्टोमार पुढे लंगडत गिरणीत जायचा.
रस्त्यात मी दिसले की हीच गोष्ट सांगायचा,
दर खेपेला आरोळी आणखी मोठी.

वसंतात व्हिएन्नाहून नवा माणूस आला,
फरची कॉलर, खडू, फळा.
वडिलांनी बर्फ वितळायची वाट न बघता
सामान जमा केलं, पावती मागून घेतली.
ती माझ्याकडे आहे. अक्षर त्यांचंच,
कारकुनाला म्हणे वेळ नव्हता:

पंप एक.
शिट्टी एक, वाटाणा हरवलेली.
चेंडू एक, ओला.